कापून ठेवलेले सहा फूट

शिगेनो हिराइवा आमच्या फिल्म कंपनीत लागली ती सन छत्तीसच्या हिवाळ्यात. मी तिच्या आधी चार महिने लागले होते, म्हणून हातमोजे कुठे धुवायचे, डबा कुठे ठेवायचा, कुठल्या साहेबाला किती वाकायचं, हे तिला मीच दाखवलं. दोघीही सोळा वर्षांच्या. तिची आई घरी बसून पायमोजे शिवायची, अंगठा वेगळा असतो ते पांढरे. शिगेनोने लहानपणापासून तिच्याबरोबर टाके घातलेले. त्यामुळे बोटं अशी चालायची की पहिल्याच आठवड्यात तिने फिल्मचे जोड माझ्यापेक्षा सफाईदार लावले. मला तेव्हा राग आला होता, हे कबूल करते.

दारावर पाटी होती ‘संकलन विभाग’. सगळं क्योतो मात्र तिला कापाकापीची खोली म्हणायचं. आत आम्ही नऊ बायका आणि एक काजितानी मास्तर. त्या काळची फिल्म म्हणजे नुसती बंदुकीची दारू, ठिणगी पडायचा अवकाश की भडका. म्हणून खोलीत शेगडी नाही, चुलाणं नाही, दिवेसुद्धा काचेच्या पेटीत. जानेवारीत बोटं सुजून लाल व्हायची, भेगा पडायच्या, आणि रक्ताचा डाग फिल्मवर पडला तर मास्तर काही न बोलता तो तुकडा तुमच्यासमोर धरून उभे राहायचे. त्यापेक्षा शिव्या परवडल्या असत्या.

मास्तरांनी शिगेनोचा एक गुण फार लवकर हेरला. तिला चेहरे लक्षात राहायचे. चारशे माणसांच्या गर्दीच्या दृश्यात तिसऱ्या रांगेतला कोण, तो आधीच्या तुकड्यात कुठे बघत होता, हे ती न बघता सांगायची. एकदा मास्तरांनी तिला विचारलं, “कुठे कापायचं हे तुला कसं कळतं?”

“माणसाचं बघून झालं की कापायचं,” ती म्हणाली.

“कोणाचं? पडद्यावरच्या माणसाचं की खुर्चीतल्या?”

तिने विचार केला. “दोघांचं एकदम झालं तर चांगलं.”

त्या दिवसापासून मास्तरांनी तिला आपल्या शेजारी बसवलं. बाकीच्या बायका कुजबुजल्या. मास्तरांची बायको देखणी होती आणि शिगेनो अजिबात नव्हती, म्हणून कुजबूज फार टिकली नाही.

मग लढाई वाढली. कथाचित्रं कमी झाली आणि लष्कराचे कॅमेरावाले चीनमधून जे डबे पाठवत, त्यांचे माहितीपट बनवायचं काम आमच्याकडे आलं. त्रेचाळीस साली, अडतिसाव्या वर्षी, मास्तरांनाही सैन्याचं बोलावणं आलं. त्यांना मांचुरियात पाठवलं. कंपनीत कापणारा पुरुष उरला नाही, तेव्हा साहेबांनी शिगेनोला बोलावून सांगितलं, “आता तू कर. पडद्यावर नाव मात्र काजितानीचंच जाईल.” ती “बरं” म्हणाली.

लष्कराच्या कचेरीतला एक अधिकारी आठवड्यातून दोनदा येऊन मागच्या बाकावर बसायचा. त्याचे नियम थोडे होते. आपला मेलेला माणूस दाखवायचा नाही. जखमी दाखवायचा तर उभा, आणि हसरा. थकलेला चेहरा नको. कापून काढलेला प्रत्येक तुकडा मोजून कचेरीत परत द्यायचा. शिगेनो दिवसभर दुधी काचेवर वाकून डोळ्याला भिंग लावून तेच करत बसायची. आम्ही बायका डबे लावायचो, जोड द्यायचो. पडद्यावर जे लोक बघत, त्याच्या दुपटीने आम्ही बघितलं. त्याविषयी बाहेर बोलायचं नाही असं लिहून दिलं होतं, पण न लिहून देताही कोण बोलणार होतं? आणि कोणाशी?

तेव्हा एक पद्धत होती. चित्रपटगृहात एखाद्या आईला आपला मुलगा पडद्यावर दिसला, तर ती कंपनीत यायची. आम्ही ती फ्रेम शोधायची, फोटो मोठा करून द्यायचा. अशा कितीतरी जणी आल्या. बहुतेकींचा मुलगा तो नसायचाच. आम्ही तरी फोटो द्यायचो.

चव्वेचाळीसच्या जूनमध्ये उमेनो काताओका आली. फुशिमीला तिचं तोफूचं दुकान होतं. पन्नाशीची, हात सदा पाण्यात असल्यामुळे पांढरे पडलेले. सोबत सून, मित्सुए. लग्नाला चार महिने झाले आणि नवरा लढाईवर गेला, अशी.

“नदीवरचा पूल आहे बघा,” उमेनो म्हणाली. “लाकडी, तात्पुरता बांधलेला. माझा तोकुझो त्यावरून जातो आणि मागे वळून हसतो. पुढचे दात दिसतात. मी तीन वेळा तिकीट काढून बघितलं. तोच आहे.”

“मीही बघितलं,” मित्सुए हळूच म्हणाली.

शिगेनोचं तोंड उतरलं ते मी बघितलं, पण कारण कळलं नाही. ती आत गेली, फ्रेम काढली, आठवड्याने फोटो दिला. चांगला आला होता. खांद्यावर बंदूक, मान वळवलेली, हसरा. उमेनोने फोटो पदराने पुसावा तसा बाहीने पुसला आणि विचारलं, “हा कोणाकडे बघून हसतोय? पुढे काय झालं? पडद्यावर लगेच दुसरंच काहीतरी येतं.”

“पुढे काही नाही, मावशी,” शिगेनो म्हणाली. “कॅमेऱ्यातली रीळ तिथेच संपली.”

त्या दोघी गेल्यावर शिगेनोने मला सामानाच्या खोलीत नेलं. तिथे तिने सांगितलं. तोकुझो हसला, त्यानंतर अकराव्या फ्रेमला त्याला गळ्यात गोळी लागते. तो पुलाच्या कडेला गुडघ्यावर येतो, हात वर करतो, आणि पाण्यात जातो. पाणी त्याला नेतं. मागचे सैनिक पळत पुढे जातात, कोणी थांबत नाही, कोणी बघत नाही. कॅमेरा मात्र बघत राहतो. तो सगळा तुकडा सहा फुटांचा. त्या हसण्यावर तिने कापलं होतं. अधिकारी खूश झाला होता.

“तुकडा परत दिलास ना?” मी विचारलं.

“नाही. मोजणीत चुकवला.”

मी दार लोटून घेतलं. “का?”

“माहीत नाही. हात गेला नाही द्यायला.” मग म्हणाली, “फुसा, तिला सांगू का?”

“वेडी आहेस का?” मी म्हणाले. “तिला कसं कळलं म्हणून विचारतील. तुला नेतील, मलाही नेतील. आणि सरकारचा कागद येईलच की चार दिवसांत. त्यांचं काम ते करतील. तू तोंड उघडू नकोस.”

हे मी म्हणाले. बाकी कोणी म्हटलेलं नाही.

कागद आला, पण त्यावर ‘नदी ओलांडताना बेपत्ता’ एवढंच होतं. त्या दिवशी पुलावर तीसेक माणसं पडली असतील. कोण कुठे गेला, कोण बघतो? उमेनो तो कागद घेऊन आमच्याकडे आली. कंपनीशी आता तिचं नातं जडलं होतं. येताना तोफू गाळून उरलेला चोथा शिजवून आणायची. त्या उपासमारीच्या दिवसांत आम्ही तो खाल्लासुद्धा.

“बेपत्ता म्हणजे आहेच ना?” ती म्हणाली. “मेला असता तर मेला असं लिहिलं असतं. लिहायला काय लागतं त्यांना.”

शिगेनो डब्यांकडे वळली. मी म्हणाले, “हो मावशी, आशा सोडू नका.”

पण बेपत्ता हा शब्द वाईट होता. बेपत्ता म्हणजे शत्रूच्या हाती लागलेला, आणि सैनिकाने जिवंत हाती लागणं म्हणजे घराण्याला काळिमा. जिचा मुलगा मेला, तिच्या दारावर मानाची पाटी लागायची. उमेनोच्या दारावर काही नाही. शेजारणी रेशनच्या रांगेत तिच्या मागे उभ्या राहायच्या नाहीत. कोणीतरी दुकानाच्या फळीवर कोळशाने ‘शरण गेलेल्याचं घर’ असं लिहिलं. मित्सुएने ते घासून काढलं, दुसऱ्या दिवशी पुन्हा होतं. हे सगळं उमेनो आम्हाला सांगायची आणि वर म्हणायची, “लिहू देत. माझा तर जिवंत आहे. त्यांचे कुठे आहेत?”

पंचेचाळीसच्या ऑगस्टमध्ये शरणागती जाहीर झाली, त्याच्या दुसऱ्याच दिवशी हुकूम आला की लढाईची सगळी फिल्म जाळा. कंपनीच्या मागे खड्डा खणला आणि तीन दिवस आम्ही डबे ओतत होतो. फिल्म हळूहळू जळत नाही, भसकन जाते, आणि पिवळा धूर येतो, तो छातीत गेला की माणूस खोकून खोकून अर्धा होतो. शिगेनोच्या भुवया जळाल्या. तिला तिथून मिळालेला खोकला पुढे गेलाच नाही. आठ वर्षांचं तिचं काम त्या खड्ड्यात गेलं. शेवटी राख ढवळताना ती म्हणाली, “बरं झालं.” पण सहा फूट तिने चहाच्या पत्र्याच्या डब्यात घालून घरी नेले होते. मला ते नंतर कळलं.

मग अमेरिकन अधिकारी आले आणि मागच्या बाकावर बसले. आता तलवार दाखवायची नाही, सूड दाखवायचा नाही. शिगेनो कापत राहिली. मी एकदा म्हणाले, “सासरा बदलला, जाच तोच.” ती हसली नाही. पण तिचं नाव व्हायला लागलं होतं. दिग्दर्शक तिला भ्यायचे. ती त्यांच्या देखत रीळ थांबवून विचारायची, “हा माणूस इथे का उभा आहे? त्याला घरी जायचं नाही का?” आणि कापायची. एक्कावन्न साली पहिल्यांदा पडद्यावर तिचं नाव आलं. तिची आई बघायला आली, पण अक्षरं वाचून होईपर्यंत नाव निघून गेलं.

काजितानी मास्तर अठ्ठेचाळीसच्या शेवटी रशियनांच्या कैदेतून, सैबेरियातून परतले. उजव्या हाताची तीन बोटं थंडीने झडली होती. कात्री धरता येईना. कंपनीने त्यांना डब्यांवर नावं लिहायचं काम दिलं, ते डाव्या हाताने लिहायचे, लहान मुलासारखं वेडंवाकडं. शिगेनो त्यांना प्रत्येक चित्रपट दाखवून विचारायची. ते म्हणायचे, “मला कशाला विचारतेस, तुझं तुला कळतंय.” पण बघायचे.

एकदा दुपारच्या जेवणाला ते सांगू लागले. माइझुरू बंदरावर जहाजातून उतरले, तेव्हा धक्क्यावर बायकांची रांग होती. प्रत्येकीच्या हातात फोटो. “एकीने माझ्या तोंडासमोर फोटो धरला. ‘ह्याला बघितलंत का?’ मला तर नीट दिसतही नव्हतं, ताप होता. मी म्हणालो, ‘असेल, बहुतेक. मागच्या छावणीत असाच एक होता.’ का म्हणालो ते माहीत नाही. तिने मला भाताचा गोळा दिला. मी खाल्ला.” थोडं थांबून ते म्हणाले, “चव अजून तोंडात आहे.”

शिगेनोने जेवायच्या काड्या खाली ठेवल्या. उमेनोही प्रत्येक जहाजाला माइझुरूला जात होती, हे आम्हा दोघींना माहीत होतं. कोणीतरी तिला ‘असेल, बहुतेक’ म्हटलं होतं. ती ते आम्हाला आनंदाने सांगून गेली होती.

मास्तर बावन्न साली वारले. शिगेनोने तोवर काही केलं नव्हतं. मी आतल्या आत तिला धन्यवाद देत होते. पण त्रेपन्नच्या वसंतात रेडिओवर बातमी आली की चीनमध्ये अडकलेल्यांची जहाजं पुन्हा सुरू होणार. दोनच दिवसांत उमेनो आली. केस विंचरलेले, अंगावर ठेवणीतला किमोनो.

“चीनमधून येताहेत,” ती म्हणाली. “माझा चीनमध्येच होता ना. त्याची गादी उन्हात टाकली. मित्सुएला म्हटलं, तू आता जरा तोंडाला पावडर लाव गं, नऊ वर्षांनी नवरा येतोय, म्हातारी दिसशील.”

ती गेल्यावर शिगेनो म्हणाली, “उद्या दुपारी चल माझ्याबरोबर.”

“कशाला उकरून काढतेस?” मी म्हणाले. “आता सांगून काय मिळणार?”

“तिला पावडर लावायला सांगितलीय,” ती म्हणाली. “ऐकलंस ना? तेहेतीस वर्षांची आहे ती मुलगी.”

मी गेले. न जाता राहवलं नाही.

दुकानात तोफूच्या पाण्याच्या टाक्या, ओली फरशी. आम्ही आतल्या खोलीत बसलो. खिडकीतून ऊन येत होतं. समोर भिंतीवर तोच फोटो, चौकटीत. शिगेनोने डोकं जमिनीला टेकवलं आणि तसंच ठेवून सगळं सांगितलं. कापलं कुठे, का, पुढे काय होतं, आणि रीळ संपली हे खोटं होतं. मग डबा उघडला आणि फिल्म काढून भिंगासकट पुढे ठेवली.

उमेनो सरकून खिडकीपाशी बसली. मग तिने फिल्म उचलली, उन्हाला धरली, भिंग लावलं. एक डोळा मिटायला तिला जमेना, तेव्हा हाताने झाकला. सहा फूट बघायला तिला किती वेळ लागला ते मी सांगू शकत नाही. दुकानात दोन गिऱ्हाइकं येऊन हाका मारून गेली.

“हा माझा नव्हे,” ती म्हणाली.

“मावशी—”

“माझा पडताना असा पडणार नाही. लहानपणी कितीदा पडला, आधी डावा हात टेकायचा. हा हात वर करतोय. हा दुसरा कोणीतरी आहे. तुमच्या फिल्ममध्ये टोप्या घातल्या की सगळे सारखेच दिसतात.” तिने फिल्म खाली ठेवली, तीही व्यवस्थित, गुंडाळून. “बिचाऱ्याची आई असेल कुठेतरी. तिला शोधून दाखवा.”

मित्सुए दाराशी उभी होती. ती पुढे आली, गुडघ्यावर बसली आणि फिल्म घेतली. सासूने तिच्याकडे बघितलं, “तुला कशाला बघायचंय?”

मित्सुएने भिंग डोळ्याला लावलं. तिने एकेक फ्रेम बघितली. शेवटच्या चार-पाच फ्रेमना नुसतं पाणी होतं, तीही बघितली. मग फिल्म डब्यात ठेवली, झाकण लावलं, हात एप्रनला पुसले आणि आम्हाला वाकून म्हणाली, “सोयाबीन भिजत घातलंय, दळायला हवं.” आणि आत गेली. जात्याचा आवाज सुरू झाला, तो आम्ही निघेपर्यंत चालू होता.

परत येताना मी म्हणाले, “झालं तुझं समाधान?” असं बोलायला नको होतं. शिगेनो म्हणाली, “नाही.”

दोन महिन्यांनी मित्सुए घर सोडून गेली. रीतसर कागद करून, नवऱ्याचा मृत्यू नोंदवून. नागाहामाच्या एका बायको वारलेल्या सुताराशी तिने लग्न केलं. जाताना सासूच्या पाया पडली असं ऐकलं.

मग एक दिवस उमेनो कंपनीच्या फाटकावर आली. पावसाने चिंब. जेवणाची सुट्टी होती, सगळे बाहेर पडत होते, नट-नट्यासुद्धा. तिने शिगेनोला बघितलं आणि तिथेच सगळ्यांच्या देखत, आवाज न चढवता, म्हणाली, “आधी माझा मुलगा कापलास. आता सून कापलीस. अजून काय उरलंय, तेही ने.”

शिगेनो फाटकाच्या चिखलात वाकून उभी राहिली. उमेनो दिसेनाशी झाली तरी तशीच. मी तिला ओढून आत नेलं.

त्यानंतर तिच्या कामात फरक पडला. आधी कोणाच्या लक्षात आलं नाही. ती शॉट लवकर तोडेना. माणूस दारातून गेला की कापायचं, हा सगळ्यांचा नियम. ती माणूस रस्त्याच्या टोकाला जाऊन दिसेनासा होईपर्यंत ठेवायची. कोणी पडला तर पडून पूर्ण होईपर्यंत. बघताना जीव नकोसा व्हायचा. निर्माता म्हणाला, “हिराइवासान, लोक झोपतात.”

“झोपू देत.”

“घरीही जातात.”

“मग त्यांना घरी काम असेल.”

असं किती दिवस चालणार? वर्षभरात तिच्याकडचे मोठे चित्रपट काढून घेतले. मग छोटेही. शेवटी तिला पुन्हा आम्हा बायकांमध्ये, जोड लावायला बसवलं. अठरा वर्षांनी ती माझ्या शेजारच्या स्टुलावर आली. मी म्हणाले, “ये, तुझी जागा धरून ठेवली होती.” त्यावर मात्र ती हसली.

पंचावन्न साली शेजाऱ्यांकडून कळलं की उमेनोला मोतीबिंदूने दिसेनासं झालंय, दुकान बंद पडलंय, आणि ती एकटीच माइझुरूच्या गाडीत चढताना फलाटावर पडली. पुढच्या जहाजाच्या दिवशी शिगेनो पहाटे तिच्या दाराशी जाऊन उभी राहिली. मी बरोबर गेले होते. उमेनोने दार उघडलं, वासावरून ओळखलं असावं, कारण आमच्या अंगाला जोडाच्या डिंकाचा वास कायम असायचा.

“कंपनीवाली का?”

“हो, मावशी.”

“काय न्यायला आलीस?”

“तुम्हाला. माइझुरूला.”

उमेनोने उंबऱ्यापाशी पायाने चाचपलं. मग म्हणाली, “माझ्या सपाता दे.”

दीड वर्ष शिगेनो तिला घेऊन जात होती. आता जहाजं थोडी, माणसंही थोडी. धक्क्यावर परतलेल्यांच्या नावांचा फलक लागायचा, आणि शिगेनो तो तिला पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचून दाखवायची. एकदा मी सोबत होते. वाचून झाल्यावर उमेनोने विचारलं, “काताओका नाही?”

“नाही, मावशी.”

“नीट वाचलंस? मधलं कापून तर टाकलं नाहीस?”

“नाही.”

“तुझा काय नेम,” म्हातारी म्हणाली, आणि मला म्हणाली, “तू वाच.”

मी वाचलं. परतीच्या गाडीत उमेनो शिगेनोच्या खांद्यावर डोकं ठेवून झोपली. शिगेनोने तीन तास खांदा हलवला नाही. मला वाटलं होतं आता हिचं मन हलकं होईल, पण तिच्या तोंडावर तसं काही दिसत नव्हतं. उमेनोने तिला माफ केलं नव्हतं. न्यायला दुसरं कोणी नव्हतं, एवढंच.

सत्तावन्नच्या जानेवारीत उमेनो न्युमोनियाने गेली. शेवटपर्यंत म्हणत होती की मार्चमध्ये जहाज आहे. मित्सुएला तार केली होती. ती आली, पांढऱ्या कपड्यात सगळं रीतीप्रमाणे केलं, हाडं वेचली आणि संध्याकाळच्या गाडीने परत गेली. तोकुझोचा फोटो त्याआधीच शवपेटीत ठेवला होता. शिगेनोने चहाचा डबा मंदिरात नेला होता, काताओकांच्या थडग्यात तोकुझोचं म्हणून काहीतरी असावं म्हणून. भिक्षूंनी झाकण उघडलं तर आत तपकिरी चिकट गोळा झाला होता, कुबट वास येत होता. जुनी फिल्म अशीच सडते, आम्हाला ते माहीत असायला हवं होतं. भिक्षू म्हणाले, “हे काय आहे?” शिगेनोला सांगता येईना. आम्ही तो डबा परत आणला आणि नियमाप्रमाणे पाण्यात बुडवून कंपनीच्या मागे पुरला.

कंपनी चौसष्ट साली बंद झाली. आमच्या खोलीच्या जागी बोलिंगचं सभागृह झालं. मी मुलाकडे राहायला गेले. शिगेनो ओसाकाला टीव्हीच्या जाहिराती कापायला लागली, पंधरा-पंधरा सेकंदांच्या. साबण, डोकेदुखीच्या गोळ्या, आईस्क्रीम. मी विचारलं, “तिथे कसं गं जमतं तुला?” ती म्हणाली, “पंधरा सेकंदांत कोणी मरत नाही. बरं असतं.”

खोकला वाढत गेला. त्र्याहत्तर साली तिला रुग्णालयात ठेवलं, तेव्हा फुप्फुसात काही उरलं नव्हतं. मी दर रविवारी जायचे. एका रविवारी ती म्हणाली, “फुसा, तेव्हा तू सांगू नकोस म्हणालीस. ते बरोबर होतं का?”

किती वर्षं मी ह्या प्रश्नाची वाट बघत होते, आणि उत्तरही तयार ठेवलं होतं. नियम असे होते, दिवस असे होते, आपण पोरी होतो. पण तिच्याकडे बघून तसलं काही बोलवेना.

“नव्हतं,” मी म्हणाले. “मला भीती वाटली होती.”

“मलाही,” ती म्हणाली. “आणि नंतर सांगितलं ते?”

“ते मला कळत नाही, शिगेनो. खरंच कळत नाही.”

तिने मान हलवली आणि पाणी मागितलं. मंगळवारी ती गेली. त्रेपन्न वर्षांची होती. आई आधीच वारलेली, भावंडं नव्हती. क्रियाकर्म मी माझ्या घरून केलं. कंपनीतल्या जुन्या तीन बायका आल्या, एक दिग्दर्शक आला. तो जाताना म्हणाला, “त्या बाईने माझा एक चित्रपट बुडवला,” आणि रडला.

एकोणपन्नासाव्या दिवसाच्या प्रार्थनेला मित्सुए आली. मी वर्तमानपत्रात दोन ओळी दिल्या होत्या, त्या तिने वाचल्या. चौपन्नच्या आसपासची, स्थूल झालेली, बरोबर एक उंच मुलगी, शाळेच्या गणवेशात. तिने उदबत्ती लावली, हात जोडले. मुलीनेही जोडले. मुलीला कोणासाठी ते माहीत नव्हतं बहुतेक.

मी चहा केला. मुलगी बागेत गेल्यावर मित्सुए म्हणाली, “ही धाकटी. मोठी नर्सिंग शिकते. त्या दिवशी ह्या बाई आल्या नसत्या, तर मी आजही तिथे सोयाबीन दळत बसले असते.”

मी तिचा कप पुन्हा भरला.

“एकदा यायचं होतं मला. सासूबाई होत्या तोवर जमलं नसतं, त्यांना कळलं असतं तर. त्या गेल्यावर वाटायचं, आता कशाला. पत्ताही होता माझ्याकडे.”

“ती ओसाकाला होती,” मी म्हणाले. “नागाहामाहून दोन-अडीच तास.”

“हो,” ती म्हणाली. “माहीत होतं.”

गाडीची वेळ झाली तेव्हा तिने मुलीला हाक मारली. दोघी वाकल्या, मीही वाकले. फाटकापर्यंत पोचवायला गेले. मुलीच्या बुटाची नाडी सुटली होती, मित्सुएने थांबून तिला ती बांधायला लावली, आणि मग त्या स्टेशनच्या दिशेने गेल्या.